तिसरा माणूस नसताना : ‘द लाइटहाउस’मधल्या कोंडमाऱ्याचा प्रकरण अभ्यास

१८०१ साल. वेल्समधल्या पेम्ब्रोकशरच्या किनाऱ्यापासून साधारण २० मैल आत, स्मॉल्स नावाच्या खडकांवर, ओकच्या खांबांवर उभं असलेलं लाकडी दीपगृह. रखवालीला दोघं : थॉमस हॉवेल आणि थॉमस ग्रिफिथ. दोघांचं अजिबात पटत नाही, हे किनाऱ्यावर सगळ्यांना ठाऊक होतं. अशात ग्रिफिथ अचानक मेला. प्रेत समुद्रात सोडलं तर खुनाचा आळ येणार, आणि ‘हा निर्दोष आहे’ असं सांगायला खडकावर दुसरं कुणी नाही. म्हणून हॉवेलने खोलीतल्या फळ्या काढून पेटी ठोकली, प्रेत तिच्यात ठेवलं आणि पेटी बाहेर कठड्याला बांधून टाकली. वादळात पेटी फुटली. प्रेताचा हात बाहेर लोंबू लागला आणि वाऱ्याबरोबर जवळ बोलावल्यासारखा हलत राहिला. हवा खराब असल्यामुळे कित्येक आठवडे बोट खडकाला लागू शकली नाही. हॉवेल मात्र रोज दिवा लावत राहिला. त्याला उतरवून आणलं तेव्हा तो इतका बदलला होता, की ओळखीच्या काहींना तो ओळखूही आला नाही. यानंतर ब्रिटनमध्ये अशा दीपगृहांवर दोनाऐवजी तीन रखवालदार नेमायची पद्धत पडली. १९८०च्या दशकात दिवे स्वयंचलित होईपर्यंत ती चालू होती.

रॉबर्ट एगर्सने भाऊ मॅक्स याच्याबरोबर ‘द लाइटहाउस’ (२०१९) लिहिला, त्याच्या मुळाशी ही घटना आहे. चित्रपटातली माणसंही दोनच, आणि दोघांचंही खरं नाव थॉमस. जागा मात्र वेल्समधून उचलून १८९०च्या दशकातल्या न्यू इंग्लंडच्या एका निर्जन बेटावर नेली आहे.

कोंडमाऱ्याच्या भयपटांवर बोलताना ‘एकटेपणाने माणूस वेडा होतो’ असं सरसकट म्हटलं जातं. या प्रकरणात ते पुरेसं नाही. चित्रपटातला नवखा रखवालदार विन्स्लो एकटा नाही. त्याच्याबरोबर चोवीस तास एक माणूस आहे, आणि खरी अडचण तीच आहे. दोघांमध्ये मतभेद झाला, तर निवाडा करायला तिसरा नाही. किती दिवस झाले, कुणी कुणाला मारलं, होडी कुणी फोडली, या प्रत्येक प्रश्नाला दोन उत्तरं आहेत आणि ती ताडून पाहायला काहीच नाही. या चित्रपटातली भीती या एका उणिवेवर उभी आहे. ती पायरीपायरीने कशी रचली आहे आणि छोट्या बजेटच्या फिल्ममध्ये ती कशी वापरता येते, ते खाली मांडलं आहे. कथा शेवटापर्यंत उघड केली आहे, हे आधीच सांगितलेलं बरं.

मांडणी : कोण, कुठे, कोणत्या अटींवर

थॉमस वेक (विलेम डफो) हा जुना, लंगडा, मुरलेला रखवालदार. एफ्रेम विन्स्लो (रॉबर्ट पॅटिन्सन) नवखा. आधी कॅनडात लाकूडतोडीचं काम करत होता. मुदत चार आठवड्यांची. मुदत संपली की बोट येणार आणि दुसरी जोडी उतरणार.

कामाची वाटणी पाहिली की सत्ता कुणाकडे आहे ते लगेच कळतं. रात्री दिव्याजवळ बसायचं ते वेकने. कोळसा वाहणं, तेलाचं पिंप वर चढवणं, पाण्याची टाकी साफ करणं, भिंतींना चुना मारणं, पितळ घासणं, रात्रीची मलमूत्राची भांडी ओतून येणं, हे सगळं विन्स्लोने. नियमपुस्तकाप्रमाणे दिव्याची पाळी आळीपाळीने असायला हवी, हे विन्स्लो सुरुवातीलाच सांगून बघतो. वेक ते उडवून लावतो. दिव्याच्या खोलीला कुलूप आहे आणि किल्ली वेकच्या कमरेला.

हा छोटा प्रसंग पटकथेच्या दृष्टीने फार मोलाचा आहे. नियम लिहिलेला आहे, दोघांनाही माहीत आहे, तरी तो चालत नाही, कारण तो लागू करणारं कुणी बेटावर नाही. पुढे जे काही बिघडतं त्याचं बी इथे पडतं, तेही आवाज न चढवता.

दुसरं बी रोजच्या नोंदवहीचं. ती वेक लिहितो, तीही कुलपात असते. म्हणजे बेटावर काय घडलं याची एकमेव लेखी साक्ष एका पक्षाच्या हातात. नोंदवहीत काय आहे हे प्रेक्षकाला फार उशिरा कळतं. तोपर्यंत ती नुसती एक वस्तू म्हणून अधूनमधून दिसत राहते.

मुदत संपायच्या आदल्या रात्रीपर्यंत विन्स्लो दारूला शिवतही नाही. हाही योगायोग नव्हे. चार आठवड्यांपर्यंत निदान एक माणूस शुद्धीत आहे, असा भरवसा प्रेक्षकाला दिलेला आहे. तो भरवसा काढून घ्यायची वेळ लेखकांनी नीट निवडली आहे.

हिशेब तुटतो ती जागा

बोट येण्याच्या आदल्या दिवशी टाकीच्या नळातून रक्तमिश्रित पाणी येतं. टाकीत मेलेला समुद्रपक्षी पडलेला असतो. समुद्रपक्षी मारणं अशुभ, असं वेकने बजावलेलं असूनही विन्स्लो, रोज त्रास देणारा एकाक्ष गल पकडून टाकीवर आपटून आपटून मारतो. लगेच वातकुक्कुट फिरतो, वाऱ्याची दिशा बदलते. त्या रात्री विन्स्लो पहिल्यांदा पितो. सकाळी वादळ. बोट येत नाही.

यानंतरचा एक संवाद अगदी जवळून पाहण्यासारखा आहे. ओलीने शिधा खराब झालाय, आता पुरवून खायला हवं, असं वेक म्हणतो. विन्स्लोचं म्हणणं, बोट हुकून एकच दिवस तर झालाय. वेक सांगतो, आठवडे झाले. मी कधीपासून तुला शिधा पुरवून वापरायला सांगतोय.

प्रेक्षक इथे दचकतो, कारण त्याचा स्वतःचा हिशेब विन्स्लोच्या बाजूने आहे. पडद्यावर बोट हुकली, आणि थोड्याच वेळात हे बोलणं. आपणही एकच दिवस पाहिला. पण सिनेमाची भाषाच अशी, की दोन शॉट्सच्या मधल्या जोडात एक रात्रही जाऊ शकते आणि महिनाही. त्या जोडात किती वेळ गेला हे आपल्याला कुणीही सांगितलेलं नव्हतं. आपणच ते गृहीत धरलं होतं. एका वाक्याने तो जोड मागे जाऊन उसवला जातो. पडद्यावर भूत नाही, रक्त नाही, आवाजाचा दणका नाही, तरी पायाखालचं सरकतं. संपूर्ण चित्रपटातली सर्वांत अचूक भीतीची जागा कोणती असं विचारलं, तर उत्तर हेच.

पुढे दोघं दीपगृहाच्या पायथ्याशी पुरलेली आणीबाणीची पेटी उकरतात. आत अन्न नाही, दारूच्या बाटल्या आहेत. दारूने स्मृतीतल्या तासांचे तुकडे गळून पडतात, त्यामुळे यानंतर दोघांचीही साक्ष कुचकामी ठरते. ती दारूही संपते, तेव्हा ते टर्पेंटाइनमध्ये मध घालून पितात.

होडीच्या प्रसंगात हीच युक्ती आणखी कडक केली आहे. विन्स्लो छोटी होडी घेऊन निघायला बघतो. वेक कुऱ्हाड घेऊन धावत येतो आणि होडी फोडतो. हे आपण डोळ्यांनी पाहतो. आत गेल्यावर वेक सांगतो : होडी तू फोडलीस, कुऱ्हाड घेऊन माझ्यामागे तू लागलास. शिधाच्या वेळी प्रेक्षकाकडे फक्त गृहीतक होतं; इथे त्याच्याकडे दृश्य आहे, आणि तेच नाकारलं जातं. मग वेक एक पाऊल पुढे जातो : कदाचित मी तुझ्या मनाचा खेळ असेन, हा खडकही, कदाचित तू अजून कॅनडाच्या बर्फात स्वतःशी बडबडत भटकत असशील. या क्षणापासून कॅमेराही साक्षीदार म्हणून बाद होतो. मागे वळून ‘हे तरी खरं होतं’ असं म्हणावं, अशी एकही जागा उरत नाही.

शेवटी समुद्राचं पाणी घरात घुसतं आणि नोंदवही विन्स्लोच्या हाती लागते. तीत त्याच्या वागण्यावर ठपके आहेत आणि पगार न देता त्याला काढून टाकावं अशी शिफारस. महिनाभराच्या राबणुकीचा एकमेव कागद त्याच्याविरुद्ध लिहिलेला. यानंतर तो वेकला कुत्र्यासारखं रांगायला लावतो, खड्ड्यात ढकलून वर माती लोटतो, किल्ली घेतो. हिंसा एकदम उफाळते, पण ती आभाळातून पडलेली नाही. आपली बाजू मांडायची शेवटची जागाही बंद आहे हे कळल्यावर ती येते. हॉवेलने साक्ष म्हणून प्रेत जपलं होतं. इथे विन्स्लो साक्षीदारच संपवतो.

प्रयोगांशी ताडून पाहता

चित्रपट हे काही संशोधन नव्हे. तरी काही बाबतींत त्याचं निरीक्षण आश्चर्य वाटावं इतकं बरोबर आहे.

१९६२मध्ये मिशेल सिफ्र हा तरुण फ्रेंच भूगर्भशास्त्रज्ञ आल्प्समधल्या स्कारासोनच्या हिमगुहेत घड्याळाशिवाय दोन महिने राहिला. १४ सप्टेंबरला त्याला बाहेर काढलं, तेव्हा त्याच्या हिशेबाने तारीख २० ऑगस्ट होती. सेकंदाला एक या वेगाने १२० आकडे मोजायला सांगितलं, की त्याला सुमारे पाच मिनिटं लागत. म्हणजे चूक एका ठरावीक दिशेने होते : प्रत्यक्षात गेलेला काळ माणसाला कमी वाटतो. विन्स्लोची चूकही त्याच दिशेची आहे. ‘एकच दिवस’ त्याला वाटतो, ‘आठवडे’ समोरचा सांगतो. उलट लिहिलं असतं, तर प्रसंग इतका पटला नसता.

दुसरा दाखला माँट्रियलच्या मॅकगिल विद्यापीठातला. डोनाल्ड हेब यांच्या मार्गदर्शनाखाली १९५०च्या दशकाच्या सुरुवातीला तिथे विद्यार्थ्यांवर प्रयोग झाले. निष्कर्ष १९५४मध्ये प्रसिद्ध झाले. दिवसाला २० डॉलर देऊन विद्यार्थ्यांना पलंगावर नुसतं पडून राहायचं काम दिलं होतं. डोळ्यांवर धूसर चष्मा, हातांना मोजे आणि पुठ्ठ्याच्या नळ्या, डोक्याभोवती फोमची उशी, आणि यंत्राची एकसुरी घरघर. बहुतेकांनी दोन-तीन दिवसांतच हात टेकले. पुष्कळांना भास झाले : आधी ठिपके आणि आकृत्या, मग संपूर्ण दृश्यं. एकाला पाठीवर पोती घेऊन चालणाऱ्या खारींची रांग दिसली.

यात लक्षात घ्यायची गोष्ट म्हणजे प्रकाश किंवा आवाज बंद केलेला नव्हता. बंद केली होती ती विविधता. ‘द लाइटहाउस’मध्ये चष्म्याच्या जागी धुकं आहे आणि यंत्राच्या घरघरीच्या जागी धुक्यात जहाजांना इशारा देणारा भोंगा. कोंडमारा दाखवायला मिट्ट काळोख आणि पूर्ण शांतता हवी, हा नवशिक्यांचा समज इथे मोडतो. पांढरं, सपाट, न बदलणारं दृश्य मनाला जास्त खातं.

जिथे चित्रपट प्रयोगांपासून दूर जातो, तेही सांगायला हवं. प्रयोगांतले भास बहुतेक वेळा निरर्थक असतात. चित्रपटातले भास थेट अपराधाला जाऊन भिडतात : जलपरी, पाण्यावर तरंगणारे ओंडके, सोनेरी केसांचा माणूस. कारण विन्स्लो हे नावच चोरलेलं आहे. तो खरा थॉमस हॉवर्ड. खऱ्या विन्स्लोला त्याने कॅनडात ओंडक्यांमध्ये मरू दिलं होतं. नाट्याला अर्थाची गरज असते, त्यामुळे ही सूट रास्त आहे. जलपरी मात्र फार लवकर येते. वेळेचा हिशेब तुटण्याआधीच भास सुरू झाल्यामुळे काही प्रेक्षक विन्स्लोला पहिल्यापासून वेडा समजून बसतात आणि शिध्याच्या प्रसंगाची धार त्यांच्यापुरती बोथट होते.

विन्स्लोच्या ढासळण्यामागे पाऱ्याच्या विषबाधेचं कारणही काही जण पुढे करतात. मोठ्या दीपगृहांच्या लेन्स पाऱ्याच्या हौदावर तरंगत फिरवण्याची पद्धत १८९०च्या सुमारास आली, इतकं खरं. पण चित्रपटात दिव्याजवळ रात्रीमागून रात्री काढतो तो वेक. विन्स्लो तिथे पोचतो तो थेट शेवटी. आधी ढासळतो मात्र विन्स्लो. पाऱ्याचं स्पष्टीकरण त्याला लागू पडत नाही.

चौकट, फिल्म, भोंगा

छायालेखक जॅरिन ब्लॅश्के यांना या कामासाठी ऑस्करचं नामांकन मिळालं. चौकट १.१९ : १, म्हणजे जवळजवळ चौरस, बोलपट नुकते सुरू झाले होते त्या काळातलं हे प्रमाण. आजच्या २.३९ : १ या रुंद चौकटीशी तुलना केली, तर तेवढ्याच उंचीला रुंदी निम्मी. याचा परिणाम मोजता येतो. रुंद चौकटीत दोन माणसं टेबलाच्या दोन टोकांना बसवून मधे मोकळी जागा ठेवता येते. १.१९मध्ये दोघांचे चेहरे एका शॉटमध्ये हवे असतील, तर त्यांना खांद्याला खांदा लावून किंवा एकामागे एक उभं करावंच लागतं. एकमेकांपासून दूर जायला जागाच उरत नाही, हे संवादाने सांगावं लागत नाही. शिवाय मनोरा, जिना, उभा माणूस या सगळ्या उभ्या आकारांना ही चौकट मानवते.

फिल्म कोडॅकची कृष्णधवल डबल-एक्स ५२२२, लेन्स बॉश अँड लॉम्बच्या जुन्या बाल्टार. पुढे खास बनवून घेतलेला फिल्टर. तो लाल आणि नारिंगी प्रकाश अडवतो. एकोणिसाव्या शतकातल्या फिल्मला लाल रंग दिसत नसे, त्याचा हा आभास. माणसाच्या कातडीत लालसरपणा भरपूर असतो. तो गेला की चेहरा काळवंडतो, छिद्रं, डाग, शिरा, सुरकुत्या उठून दिसतात, आणि निळं आकाश पांढरंफटक होतं. बाहेर पाहावं तर रितं पांढरं, आत पाहावं तर चेहऱ्यावरचा प्रत्येक खड्डा.

याची किंमत प्रकाशात मोजावी लागते. फिल्म मुळात मंद, म्हणजे जास्त प्रकाश मागणारी, वर फिल्टरने आणखी प्रकाश खाल्ला. म्हणून पडद्यावर मिणमिणता वाटणाऱ्या कंदिलात प्रत्यक्षात शेकडो वॅटचे हॅलोजन दिवे लावलेले होते, नटांच्या चेहऱ्यांपासून हातभर अंतरावर. अंधार दिसण्यासाठी प्रखर उजेड लागतो, हे कमी खर्चात काम करणाऱ्यांनी विशेष लक्षात ठेवावं.

चित्रीकरण २०१८मध्ये कॅनडातल्या नोव्हा स्कोशिया प्रांतात, केप फोर्शू इथे झालं. हवं तसं, रस्त्याने पोचता येईल असं दीपगृह मिळेना, म्हणून ७० फुटांचा मनोरा बांधला. वारा आणि पाऊस बराचसा खराच आहे.

आणि भोंगा. तो ठरावीक काळाने वाजत राहतो, म्हणजे रचनेने घड्याळच, पण प्रत्येक टोला सारखाच. किती वाजले हे न सांगणारं घड्याळ. डेमियन व्होल्पी यांच्या ध्वनिरचनेत तो संवादांच्या मधे, झोपेच्या मधे, कुणाचीही पर्वा न करता येतो. सुरुवातीला तो परिसराचा आवाज वाटतो, मग मार्क कॉर्व्हेनच्या संगीतात मिसळू लागतो, आणि भोंगा कुठे संपतो, संगीत कुठे सुरू होतं हे सांगणं अवघड होतं.

हीच रचना २० मिनिटांच्या फिल्ममध्ये

दोन नट, एक जागा, मोजकं सामान. महाविद्यालयीन लघुपटांपासून एकांकिकांवरून केलेल्या फिल्मपर्यंत ही अट पुष्कळांच्या वाट्याला येते. तिचा फायदा घ्यायचा, तर पटकथा लिहायच्या आधी एक तक्ता करावा. रकाने तीन : प्रत्यक्षातला दिवस, पात्र अ ला वाटणारा दिवस, पात्र ब सांगतो तो दिवस. सुरुवातीच्या दृश्यांत तिन्ही आकडे सारखे. मग फाटा फुटतो : प्रत्यक्ष ९, अ ला वाटतो ५वा, ब म्हणतो १४वा. प्रेक्षकाला पहिला रकाना कधीच दाखवायचा नाही, पण दिग्दर्शक, संकलक, वेशभूषा आणि कला विभाग यांच्याकडे तो हवाच. तो नसला की दाढी एका दृश्यात वाढते, दुसऱ्यात कमी होते, आणि प्रेक्षकाला पात्राचा गोंधळ न दिसता युनिटचा गोंधळ दिसतो. या प्रकारच्या फिल्म सर्वांत जास्त इथेच फसतात.

तक्त्याला चौथा रकाना वस्तूंचा जोडावा. तांदळाची पिशवी, मेणबत्तीची उंची, नखं, साबणाची वडी, गॅसची शेगडी. काही वस्तू अ च्या बाजूने साक्ष देतील, काही ब च्या. पिशवी जवळजवळ रिकामी, पण मेणबत्ती अजून अर्धी. दोन्ही एकाच शॉटमध्ये दिसल्या, तर संवादाची गरज नाही. पाच-सहा वस्तूंपेक्षा जास्त घेऊ नयेत. प्रेक्षकाला त्या आठवायला हव्यात.

मिनिटांची वाटणी अशी करावी. पहिली पाच मिनिटं फक्त दिनक्रम : एकच काम निदान तीनदा दाखवावं, तिसऱ्यांदा एखाद्या बारीक फरकाने. घाई करणारे हे पाच मिनिटांचं काम एका मोंटाजमध्ये उरकतात आणि मग पुढचं काही बसत नाही. हिशेब असल्याशिवाय तो तुटणार कसा? याच टप्प्यात जागेचा नकाशा प्रेक्षकाच्या डोक्यात पक्का बसवावा : दार कुठे, खिडकी कुठे, कुलूप कशाला, किल्ली कुणाकडे. सहाव्या मिनिटाला सुटकेची वेळ ठरलेली आणि ती हुकते. सहा ते बारा : दोन हिशेब वेगळे होतात. बारा ते सतरा : प्रेक्षकाने पाहिलेलं एक दृश्य ठामपणे नाकारलं जातं. हे एकदाच करावं. दुसऱ्यांदा केलं, की प्रेक्षक कशावरच विश्वास ठेवत नाही, आणि ज्याचा विश्वास उरला नाही त्याला घाबरवता येत नाही. शेवटची तीन मिनिटं निकालाची.

फोन आणि फ्लॅशबॅक या दोन खिडक्या उघडल्या, की दाब निघून जातो. ‘द लाइटहाउस’मध्ये जुन्या अपराधाची झलक मिळते, पण तो सविस्तर घडताना दिसत नाही, विन्स्लो तो बोलून दाखवतो. मोबाइल गोष्टीत टाळता येत नसेल, तर तो बंद पडणं हा योगायोग न ठेवता दिनक्रमाचा भाग करावा : चार्ज किती टक्के उरला हेही एक मापच, आणि तेही एकाच पात्राच्या हातात.

चौकट अरुंद करायची असेल, तर १९२० × १०८० च्या चित्रात १.१९साठी रुंदी साधारण १२८५ पिक्सेल येते. दोन्ही बाजूंना सुमारे ३१७ पिक्सेलच्या काळ्या पट्ट्या. ही पट्टी संकलनात लावायचं ठरवून चालत नाही. शूटिंगच्या वेळीच मॉनिटरवर खूण करून घ्यावी, नाहीतर नट आपोआप रुंद चौकटीत मोकळे उभे राहतात आणि मागाहून कान-खांदे कापले जातात.

लाल अडवणाऱ्या फिल्टरचा परिणाम डिजिटलवर बराचसा साधता येतो. रंगीत शूट करून कृष्णधवल करताना लाल वाहिनी (चॅनेल) जवळजवळ शून्यावर आणावी. हिरवी ६० आणि निळी ४० टक्के इथून सुरुवात करून डोळ्याने ठरवावं. त्यात दोन गोष्टी हमखास बिघडतात. पिवळ्या बल्बच्या उजेडात निळा प्रकाश फार कमी असतो, त्यामुळे निळी वाहिनी ओढली की चित्रात दाणे उसळतात. म्हणून दिवे ५६०० केल्व्हिनच्या आसपासचे आणि नेहमीपेक्षा एक-दोन स्टॉप (एक स्टॉप म्हणजे दुप्पट उजेड) जास्त ठेवावेत. आणि लालसर मेकअप काळा पडतो. ओठाला लावलेला हलका रंगही शाईसारखा दिसेल. मेकअपची चाचणी त्याच रूपांतरात आदल्या दिवशी करावी.

आवाजात भोंग्याचं काम करणारं काहीतरी निवडावं : पाण्याचा पंप, जनरेटर, लांबची रेल्वे, छताचा पंखा. समजा, दर ४० सेकंदांनी एकदा, कट कुठेही असो, तो आवाज टाइमलाइनवर ठेवून द्यावा. दहा-बारा मिनिटांत प्रेक्षक तो ऐकायचा बंद होतो. मग एकदा, महत्त्वाच्या क्षणी, तो येऊ नये. कान तिष्ठत राहतात, आणि कशाने अस्वस्थ झालो हे प्रेक्षकाला सांगता येत नाही. बरेच जण फिल्म मोबाइलवर पाहणार, हेही ध्यानात ठेवावं. छोट्या स्पीकरमधून खर्जातलं फारसं काही निघत नाही, सुमारे ३०० हर्ट्‌झच्या खाली तर जवळजवळ काहीच नाही. म्हणून त्या आवाजाला ४०० ते १००० हर्ट्‌झमधला एखादा थर जोडावा, नाहीतर थिएटरमध्ये छातीत घुमणारा भोंगा फोनवर नाहीसाच होईल.

नटांना खरोखर जागं ठेवणं, उपाशी ठेवणं, खोलीत कोंडणं असले प्रकार करू नयेत. ते धोक्याचे तर आहेतच, कामाचेही नाहीत. थकलेला नट दहाव्या दिवसाचा थकवा आणि विसाव्या दिवसाचा थकवा यांत फरक दाखवू शकत नाही, आणि ही फिल्म त्या फरकावरच उभी असते. प्रत्येक दृश्याआधी नटाला त्याच्या रकान्यातला दिवस सांगावा, समोरच्याच्या रकान्यातला सांगू नये. दोघंही आपापला आकडा खरा मानून बोलले, की खोटं बोलणारं पात्र वेगळं वठवावं लागत नाही. डफोच्या वेकमध्ये हेच दिसतं. होडी तू फोडलीस हे तो डावपेच म्हणून सांगतोय की मनापासून, हे चेहऱ्यावरून ठरवता येत नाही.

शेवटाकडे तक्ता उघडण्याचा मोह होतो : भिंतीवरच्या खुणा मोजणारा पोलीस, वर्तमानपत्रावरची तारीख, दवाखान्यातली खोली. ‘द लाइटहाउस’ तसं करत नाही. विन्स्लो दिव्यापर्यंत पोचतो, त्यात काय दिसतं ते आपल्याला दाखवलं जात नाही, तो जिन्यावरून कोसळतो आणि पुढच्या शॉटमध्ये खडकांवर जिवंतपणी गल त्याला टोचत असतात. मधे किती वेळ गेला, कुणी पाहिलं का, बोट शेवटी आली का, यातलं काहीही सांगितलेलं नाही.